इंग्लंडच्या सार्वजनिक हिशेबात मराठी सीएने पाऊल कसे टाकावे

सीए होऊन इंग्लंडमध्ये आलेले, नोकरीनंतर किंवा नोकरीसोबत एखाद्या विद्यापीठात लेखाशास्त्र शिकवू लागलेले बरेच मराठी लोक मला भेटतात. पाच-सात वर्षे झाली, घर घेतले, मुले इथल्या शाळेत रुळली की त्यांच्या मनात एक प्रश्न हमखास डोकावतो: ज्या गावात आपण कर भरतो, त्या गावाच्या कारभारात आपल्याला काही जागा आहे का? जागा आहे, आणि ती बहुतेकांना वाटते त्यापेक्षा बरीच आधी मिळते. मी स्वतः आधी शाळेचा गव्हर्नर (शाळेच्या कारभारावर देखरेख करणाऱ्या मंडळाचा सदस्य) आणि नंतर कौन्सिलच्या, म्हणजे इथल्या स्थानिक पालिकेच्या, लेखापरीक्षण समितीचा बाहेरून घेतलेला सदस्य या क्रमाने गेलो, आणि आज कुणी विचारले तर मी हाच क्रम सुचवतो. पुढचे सगळे इंग्लंडपुरते आहे. स्कॉटलंड, वेल्स आणि उत्तर आयर्लंडचे नियम अनेक बाबतींत वेगळे आहेत.

ही वाट नवी नाही. मुंबईच्या एल्फिन्स्टन कॉलेजात गणित शिकवणारे दादाभाई नौरोजी १८५५ मध्ये कामा कंपनीच्या पेढीच्या कामासाठी लंडनला आले आणि पुढे युनिव्हर्सिटी कॉलेजात गुजरातीचे प्राध्यापक झाले. मधल्या काळात त्यांनी बडोद्याची दिवाणगिरी केली, मुंबईच्या नगरपालिकेत काम केले, १८८६ मध्ये होबर्न मतदारसंघात पराभव पाहिला आणि १८९२ मध्ये सेंट्रल फिन्सबरीतून अवघ्या पाच मतांनी पार्लमेंटवर निवडून आले. त्यांचे सगळे सामर्थ्य एका सवयीत होते: हिंदुस्थानातून किती पैसा बाहेर जातो हे ते सरकारने स्वतः छापलेल्या आकड्यांवरूनच दाखवत, त्यामुळे ते खोडणाऱ्याला आधी सरकारचे आकडे खोडावे लागत. हिंदुस्थानच्या खर्चाच्या चौकशीसाठी १८९५ मध्ये नेमलेल्या वेल्बी आयोगावर ते सदस्य होते, आणि त्याच आयोगापुढे १८९७ मध्ये पुण्याच्या फर्ग्युसन कॉलेजातले प्राध्यापक गोपाळ कृष्ण गोखले साक्ष द्यायला आले होते. छापलेला हिशेब नीट वाचणे आणि त्यावर नेमका प्रश्न विचारणे, एवढेच तुम्हालाही करायचे आहे.

आधी स्वतःचे कागद तपासा

भारतीय पासपोर्ट असलेल्या माणसाला इंग्लंडमध्ये मतदानाचा अधिकार आहे, हे इथे दहा वर्षे राहिलेल्या मराठी घरांतही अनेकदा ठाऊक नसते. भारत राष्ट्रकुलात आहे, त्यामुळे वैध व्हिसावर राहणारा भारतीय नागरिक मतदार यादीत नाव घालू शकतो आणि स्थानिक व पार्लमेंटच्या दोन्ही निवडणुकांत मत देऊ शकतो. मतदान केंद्रावर आता छायाचित्र असलेले ओळखपत्र दाखवावे लागते, आणि त्यासाठी भारतीय पासपोर्ट चालतो. नाव नोंदवायला ऑनलाइन पाचेक मिनिटे लागतात. ते आजच करावे, कारण पुढच्या अनेक गोष्टी या एका नोंदीवर उभ्या आहेत.

उमेदवारीचा नियम मात्र अधिक कडक आहे. राष्ट्रकुलातील नागरिकाला कौन्सिलर, म्हणजे कौन्सिलचा निवडून आलेला सदस्य, होण्यासाठी उभे राहायचे असेल, तर त्याच्याकडे कायम वास्तव्याची परवानगी असावी लागते. नोकरीच्या मुदतीच्या व्हिसावर मत देता येते, पण उभे राहता येत नाही. ब्रिटिश नागरिकत्व घेण्याची सक्ती मात्र कुठेच नाही. ते घेतले तर १९५५ च्या भारतीय नागरिकत्व कायद्याप्रमाणे भारतीय नागरिकत्व आपोआप संपते आणि भारतीय वंशाच्या परदेशी नागरिकांना मिळणारे ओसीआय कार्ड घेतले तरी भारतात मत देता येत नाही. तेव्हा हा निर्णय निवडणुकीच्या उत्साहात घेऊ नये; घरात सगळ्यांनी बसून, गावच्या शेतजमिनीपासून वृद्ध आईवडिलांपर्यंतचा विचार करून घ्यावा.

पगारी सार्वजनिक नोकरीचा विचार असेल, तर केंद्रीय सिव्हिल सर्व्हिसमधील आरक्षित नसलेल्या पदांसाठी राष्ट्रकुलातील नागरिक अर्ज करू शकतात. अर्थातच काम करण्याची परवानगी लागते. कौन्सिलच्या वित्त विभागातही जागा निघतात. मात्र तिथल्या सर्वोच्च पदाविषयी एक गोष्ट आधीच समजून घ्यावी. १९७२ च्या स्थानिक शासन कायद्याच्या कलम १५१ प्रमाणे प्रत्येक कौन्सिलला आपल्या आर्थिक कारभाराची जबाबदारी एका अधिकाऱ्याकडे द्यावी लागते, आणि १९८८ च्या कायद्याने तो अधिकारी कोणत्या लेखा संस्थांचा सदस्य असावा हे नावे घेऊन ठरवले आहे. त्या यादीत एक ‘इन्स्टिट्यूट ऑफ चार्टर्ड अकाउंटंट्स’ दिसते आणि आद्याक्षरेही भारतातल्या आपल्याच सीए संस्थेची वाटतात, पण ती संस्था आयर्लंडची आहे. भारतीय सदस्यत्व या पदाला पुरेसे नाही. इंग्लंड-वेल्सच्या चार्टर्ड अकाउंटंटांच्या संस्थेचे, एसीसीए या दुसऱ्या ब्रिटिश लेखा संस्थेचे किंवा सार्वजनिक वित्तासाठीच असलेल्या सिपफा या संस्थेचे सदस्यत्व घ्यावे लागते, आणि सीए झालेल्यांना त्यासाठी काही पेपरांतून सूट मिळते. सार्वजनिक क्षेत्रात खरोखर करिअर करायचे असेल, तर यांपैकी सिपफाचा अभ्यास सर्वांत उपयोगी पडतो, असे माझे मत आहे.

शाळेपासून सुरुवात करावी

मराठी मंडळाचे खजिनदारपद हे चांगले काम आहे. लंडनचे महाराष्ट्र मंडळ तर १९३२ पासून उभे आहे, आणि अशा संस्थांना हिशेब नीट ठेवणारी माणसे कायमच हवी असतात. पण आपल्याच माणसांत केलेल्या कामाने इथली सार्वजनिक व्यवस्था समजत नाही. ती शाळेच्या गव्हर्नर मंडळावर समजते.

गव्हर्नर हे बिनपगारी पद असते, मुदत साधारण चार वर्षांची असते आणि त्यासाठी नागरिकत्वाची अट नाही. आकडे वाचता येणारी माणसे मंडळांना सहज मिळत नाहीत, त्यामुळे सीएचा अर्ज सहसा बाजूला पडत नाही. निवडीनंतर डीबीएस तपासणी, म्हणजे गुन्ह्यांच्या नोंदींची सरकारी तपासणी, होते. काही वर्षांपूर्वीच भारतातून आला असाल, तर भारतातले पोलिसांचे प्रमाणपत्रही मागितले जाऊ शकते. पासपोर्ट सेवा केंद्रातून किंवा दूतावासामार्फत ते काढायला वेळ लागतो, म्हणून अर्जाबरोबरच त्या खटपटीला लागावे.

अर्ज लिहिताना भारतीय पद्धतीचा बायोडाटा बाजूला ठेवावा. विद्यापीठात कोणता क्रमांक आला, किती शोधनिबंध छापले, कोणत्या परिषदेत अध्यक्षस्थान भूषवले, हे इथे कुणी वाचत नाही. त्याऐवजी एक प्रसंग लिहावा: अमुक संस्थेचा हिशेब तुमच्याकडे आला, त्यात अमुक गोष्ट खटकली, तुम्ही अमक्याला अमुक विचारले, आणि त्यातून अमुक बदलले. असा एक परिच्छेद दोन पानी पदव्यांपेक्षा जास्त वजनदार ठरतो.

मंडळात गेल्यावर पहिल्याच बैठकीत विचारून घ्यावे की शाळा स्थानिक कौन्सिलच्या अखत्यारीतली आहे की अकॅडमी, म्हणजे कौन्सिलच्या अखत्यारीबाहेरची सरकारी अनुदानित शाळा, आहे. कौन्सिलच्या शाळेचे आर्थिक वर्ष एप्रिल ते मार्च असते. अकॅडमी ही कायद्याने एक कंपनी असते आणि तिचे वर्ष सप्टेंबर ते ऑगस्ट चालते. मार्चअखेरची सवय जडलेल्या माणसाला हे विचित्र वाटते, पण शाळेचे वर्ष सप्टेंबरला सुरू होत असल्यामुळे प्रत्यक्षात तेच सोयीचे पडते. बजेटचा कागद हाती आला की आधी शिक्षकांच्या पगाराचा एकूण खर्चातला वाटा काढावा, मग पटसंख्या पाहावी. मुले कमी झाली की अनुदान कमी होते, पण वर्गाला शिक्षक तेवढेच लागतात. शाळांच्या बहुतेक तुटी या एका वाक्यातून जन्माला येतात.

नोकरीच्या जागी रजेचा प्रश्न येतो. १९९६ च्या रोजगार हक्क कायद्याच्या कलम ५० प्रमाणे शाळेचे गव्हर्नर आणि कौन्सिलर यांना या कामासाठी वाजवी वेळ देणे मालकावर बंधनकारक आहे. त्या वेळेचा पगार देणे मात्र बंधनकारक नाही. विद्यापीठे याबाबत बहुधा उदार असतात, तरी व्याख्यानांचे वेळापत्रक ठरण्याआधी विभागप्रमुखाला लेखी कळवलेले बरे.

कौन्सिलचा हिशेब कसा वाचावा

कंपनीचा ताळेबंद वाचण्यात आयुष्य घालवलेल्या माणसाला कौन्सिलचा हिशेब पहिल्यांदा वाचताना ठेच लागते, आणि ती माझ्याही वाट्याला आली. समितीच्या पहिल्या बैठकीत मी मोठ्या आत्मविश्वासाने विचारले की या विभागात एवढा तोटा का झाला. वित्त अधिकारी क्षणभर थांबले आणि अतिशय सौम्यपणे म्हणाले, तो तोटा नाही, ती शिल्लक आहे. इथल्या कौन्सिलांच्या हिशेबात खर्च साधा छापतात आणि उत्पन्न कंसात छापतात. त्यामुळे वर्षअखेर शिल्लक पडली तर तीही कंसात येते. आपल्याकडे कंसातला आकडा पाहिला की हात तुटीकडे जातो. त्या दिवसापासून मी कोणताही नवा हिशेब उघडला की पहिल्या पानावर पेन्सिलीने लिहून ठेवतो: कंस म्हणजे जमा.

दुसरी ठेच घसाऱ्याची. कौन्सिलांचे हिशेब २०१०-११ पासून आंतरराष्ट्रीय लेखामानकांवर आधारलेल्या संहितेप्रमाणे तयार होतात, त्यामुळे उत्पन्न-खर्चाच्या मुख्य पत्रकात घसारा, मालमत्तेचे पुनर्मूल्यन आणि निवृत्तिवेतनाच्या देण्यातले चढउतार सगळे दिसतात. पण करदात्याकडून वसूल करायच्या रकमेत यांतले बरेच काही धरायचे नाही, असा कायदा आहे. म्हणून हिशेबात ‘राखीव निधींतील हालचाल’ नावाचे एक पत्रक असते, त्यात हे सगळे उलटे फिरवले जाते. मुख्य पत्रकातला कोट्यवधींचा तोटा आणि जनरल फंडातली, म्हणजे कौन्सिलच्या रोजच्या खर्चाच्या मुख्य निधीतली, किरकोळ शिल्लक या दोन्ही गोष्टी एकाच वेळी खऱ्या असतात. हिशेबाचे दोनशे पानी पुस्तक हाती पडले, तर मुख्य पत्रकाआधी हे पत्रक आणि खर्च-निधी विश्लेषणाची टीप वाचावी. पैसा खरोखर किती उरला ते तिथे कळते.

घसाऱ्याऐवजी करदात्यावर जो बोजा पडतो, तो कर्जफेडीसाठी दरवर्षी बाजूला काढायच्या किमान तरतुदीचा. या तरतुदीकडे सगळ्यात बारकाईने पाहावे. कर्ज काढून इमारती घ्यायच्या आणि तरतूद मात्र कमी दाखवायची, म्हणजे आजचे बजेट जमते आणि उद्याच्या करदात्याच्या गळ्यात धोंड पडते. सरे परगण्यातल्या वोकिंगच्या कौन्सिलने बांधकाम प्रकल्पांसाठी प्रचंड कर्ज उचलले होते. २०२३ च्या जूनमध्ये तिथल्या वित्त अधिकाऱ्याने खर्चाला पैसा पुरत नसल्याची जी नोटीस काढली, तिच्याप्रमाणे त्या वर्षीचा मूळ निधी १.६ कोटी पौंड होता आणि तूट १.२ अब्ज पौंडांची होती. तरतुदीच्या ओळीवर एखाद्याने काही वर्षे आधी हट्टाने बोट ठेवले असते, तर ही तूट या थराला जाण्याआधी उघड झाली असती, असे मला वाटते.

तिसरी गोष्ट कप्प्यांची. जनरल फंड, कौन्सिलच्या भाडेकरूंच्या घरांचे स्वतंत्र खाते, शाळांचे राखीव अनुदान आणि कर जमा करण्याचे खाते हे चार कप्पे वेगळे असतात, आणि एकातला पैसा मनाला येईल तसा दुसऱ्यात नेता येत नाही. जमीन किंवा इमारत विकून आलेला पैसा दैनंदिन खर्चाला वापरता येत नाही. शाळांच्या खात्यात, विशेष गरजा असलेल्या मुलांच्या खर्चामुळे, अनेक कौन्सिलांची मोठी तूट साठली आहे आणि खास नियमाने ती वेगळ्या ठिकाणी ठेवलेली असते. ‘एकूण राखीव निधी इतके कोटी’ हे वाक्य अहवालात दिसले, तर लगेच विचारावे की त्यातला खरोखर मोकळा पैसा किती, आणि आधीच कशाला तरी बांधलेला किती.

कायद्याने कौन्सिलला तुटीचे बजेट मांडता येत नाही. खर्च उत्पन्नाच्या बाहेर जाणार असे दिसले, तर कलम १५१ च्या अधिकाऱ्याला १९८८ च्या कायद्याच्या कलम ११४ खाली नोटीस काढावी लागते, कौन्सिलला २१ दिवसांत बैठक घ्यावी लागते आणि तोवर नवे खर्च थांबतात. नॉर्दम्प्टनशायर २०१८, क्रॉयडन २०२०, थरॉक २०२२, बर्मिंगहॅम सप्टेंबर २०२३: ही नावे इथल्या कुठल्याही लेखापरीक्षण समितीत उदाहरण म्हणून निघतात, आणि प्रत्येकाचे कारण निराळे आहे. बर्मिंगहॅमचे कारण स्त्री-पुरुषांच्या समान वेतनाची थकलेली देणी आणि फसलेली संगणक प्रणाली, तर थरॉकचे मुख्य कारण सौरऊर्जेतली गुंतवणूक. समितीत बसण्याआधी यांपैकी एखाद्या कौन्सिलचे सार्वजनिक अहवाल सबंध वाचावेत. माझ्या पाहण्यात तेवढा अभ्यास देणारा दुसरा अभ्यासक्रम नाही.

समितीत नसतानाही हा अभ्यास प्रत्यक्ष करता येतो. २०१४ च्या स्थानिक लेखापरीक्षण कायद्याप्रमाणे प्रत्येक कौन्सिलला वर्षातून एकदा ३० कामाचे दिवस आपली खाती, करार, बिले आणि पावत्या तपासणीसाठी खुल्या ठेवाव्या लागतात. सूचना बहुधा उन्हाळ्याच्या सुरुवातीला कौन्सिलच्या संकेतस्थळावर लागते. मतदार यादीत नाव असेल, तर लेखापरीक्षकाला प्रश्न विचारण्याचा आणि हरकत घेण्याचाही अधिकार मिळतो. म्हणजे भारतीय पासपोर्टवर नाव नोंदवलेला माणूसही हे करू शकतो. मागणी लहान आणि नेमकी असावी: अमुक करारापोटी अमुक तिमाहीत दिलेली बिले. सगळेच मागणाऱ्याला उशीर आणि नकार मिळतो. हरकत मात्र जपून घ्यावी, कारण तिच्या तपासाचा खर्च कौन्सिलच्या, म्हणजे आपल्या शेजाऱ्यांच्याच पैशातून जातो.

समितीत बसल्यावर

सिपफाच्या शिफारशीप्रमाणे कौन्सिलच्या लेखापरीक्षण समितीत बाहेरून घेतलेले किमान दोन स्वतंत्र सदस्य असावेत, आणि अशा जागांच्या जाहिराती कौन्सिलच्या संकेतस्थळावर येतात. मानधन थोडे असते आणि मतदानाचा अधिकार बहुधा नसतो. तरी राजकीय पक्षाशी बांधिलकी नसल्यामुळे या सदस्याचा शब्द ऐकला जातो.

महाराष्ट्रातून आलेल्या माणसाने इथे एक गोष्ट मनातून काढून टाकावी. आपल्या महापालिकेत कार्यकारी अधिकार आयुक्ताकडे असतात आणि नगरसेवक त्याला धारेवर धरतात. इथे बहुतेक कौन्सिलांत सत्ता निवडून आलेला नेता आणि त्याचे मंत्रिमंडळ यांच्या हाती असते. मुख्य कार्यकारी अधिकारी हा आयुक्त नव्हे. म्हणून कठीण प्रश्न अधिकाऱ्याला विचारताना त्या निर्णयामागचा कौन्सिलर कोण, हेही पाहावे.

शिकवण्याची सवय समितीत आडवी येते. बैठकीचे कागद बैठकीच्या पाच पूर्ण दिवस आधी प्रसिद्ध होतात, चारशे पाने सहज असतात, आणि ती वाचून आलेला प्राध्यापक व्याख्यान देण्याच्या तयारीत असतो. ते टाळावे. एका विषयावर एक प्रश्न, आणि उत्तर अपुरे वाटले तर तोच प्रश्न दुसऱ्या शब्दांत पुन्हा. लेखापरीक्षकाच्या जुन्या शिफारशींपैकी कोणत्या किती महिने अपुऱ्या आहेत, हा प्रश्न प्रत्येक बैठकीत विचारला, तर वर्षभरात अधिकाऱ्यांना त्या प्रश्नाची धास्ती वाटू लागते.

हितसंबंधांची नोंद हा भाग गंभीरपणे घ्यावा. कौन्सिलर आणि मतदानाचा अधिकार असलेले सदस्य यांना पद मिळाल्यापासून २८ दिवसांत आपले आणि जोडीदाराचे आर्थिक हितसंबंध जाहीर करावे लागतात, आणि २०११ च्या कायद्याप्रमाणे ते मुद्दाम लपवणे हा गुन्हा आहे. पत्नी कौन्सिलशी करार असलेल्या कंपनीत काम करत असेल, तर तेही यात येते. दादाभाईंनी कामा कंपनी सोडली ती दारू आणि अफूच्या व्यापाराशी संबंध नको म्हणून. कायदा विचारत नसतानाही माणूस कुठे थांबतो, हे लोक लक्षात ठेवतात.

उभे राहायचे असेल तर

कौन्सिलच्या निवडणुकीला अनामत रक्कम नसते. अर्जावर प्रस्तावक आणि अनुमोदक अशा दोन मतदारांच्या सह्या लागतात. कायम वास्तव्याच्या परवानगीबरोबरच तुमचे नाव त्या भागातल्या मतदार यादीत असावे किंवा मागचे १२ महिने तुम्ही तिथे राहिलेले वा काम केलेले असावे. त्याच कौन्सिलचे नोकर असाल तर उभे राहता येत नाही, पण विद्यापीठात शिकवण्याची आडकाठी नाही. समितीचा स्वतंत्र सदस्य असाल, तर कोणत्याही पक्षाच्या कार्यालयात पाऊल टाकण्याआधी त्या जागेचा राजीनामा द्यावा.

अर्ज भरताना मराठी माणसाची अडचण नावाची होते. पासपोर्टवर वडिलांचे किंवा पतीचे नाव मध्ये, मतदार यादीत ते गळलेले, आणि ऑफिसात सगळे तिसऱ्याच लघुनावाने हाक मारतात. अर्जात कायदेशीर पूर्ण नाव लिहावे लागते, पण नेहमी वापरातल्या नावासाठी स्वतंत्र रकाना असतो. मतपत्रिकेवर लोकांना ओळखू येणारे नाव यावे म्हणून तो भरावा. घरचा पत्ता छापू नये असे कळवण्याची सोयही त्याच कागदपत्रांत आहे. अर्ज शेवटच्या दिवशी न नेता दोन-तीन दिवस आधी निवडणूक कार्यालयात तपासून घ्यावा, कारण प्रस्तावकाचा मतदार क्रमांक एका आकड्याने चुकला तरी अर्ज बाद होऊ शकतो, आणि मुदत संपल्यावर तो दुरुस्त करता येत नाही.